सातारा पासिंगचा माणूस

तो माणूस आधी शेठला दिसला. शेठ गच्चीच्या कठड्यावर बसून केस वाळवत होता. एकदम खाली वाकला आणि रांगतच खोलीत आला.

"चहाच्या गाड्यापाशी एकजण उभा हाय," तो म्हणाला. "चहा संपलाय, तरी कप हातात धरून हाय."

आम्ही कठड्याच्या जाळीतून बघितलं. पन्नाशीचा माणूस. पांढरा शर्ट खोचलेला, कानावरचे केस बारीक कापलेले, पायांत तपकिरी बूट आणि बुटांना पॉलिश. सांगलीच्या मे महिन्यात, त्या धुळीत, बुटांना पॉलिश कोण करतं? शेजारी बुलेट होती आणि तिचं पासिंग साताऱ्याचं होतं. तो वर बघत नव्हता, हे मला सगळ्यात जास्त खटकलं. आमच्या घराची टाकी वाहायची आणि पाणी खालच्या माणसाच्या डोक्यावर पडायचं. साधा माणूस वर बघून शिवी देतो. हा खांदा पुसून गप्प उभा राहिला.

"सिव्हिल ड्रेसमधला पोलीस," मी म्हणालो.

"गप की, कामरेड," आटपाडीकर म्हणाला. पण त्यानं हातातली सिगारेट विझवली. त्या सिगारेटीत तंबाखू नव्हती.

शंभर फुटी रस्त्याच्या मागे, एका दुमजली घराच्या गच्चीवर पत्र्याची ती खोली होती. आम्ही तिघे तिच्यात राहत होतो आणि तिघांनाही काम नव्हतं. आटपाडीकर आटपाडीकडचाच, फौजेत जायचं म्हणून शाळेपासून पळणारा. भरतीत पळण्यात पहिल्या पोरांत आला, छाती भरली आणि मेडिकलला दातांवरून निघाला. पुन्हा तयारी करेपर्यंत फौजच चार वर्षांची झाली आणि त्याचं वय संपलं. चार वर्षं देश राखायचा आणि पाचव्या वर्षी कुठल्यातरी मॉलचं दार राखायचं, ही भरती ज्यांनी काढली त्यांची पोरं कुठल्या मैदानावर पळत होती, असं मी एका पत्रकात विचारलं होतं. ते पत्रक मीच लिहिलं, मीच वाटलं आणि बहुतेक मीच वाचलं.

शेठ हळदीच्या अडत्याचा मुलगा. बापाच्या दुकानात बसायचं नाही म्हणून घर सोडून आलेला. जैन घरातला, कांदा-बटाटा खायचा नाही, दिवस मावळायच्या आत जेवायचा आणि गांजा ओढायचा.

"शेठ, हे चालतंय व्हय तुमच्यात?" आटपाडीकर विचारायचा.

"कांदा जमिनीखाली असतोय. ही जमिनीवर उगवतीय."

"महाराजांना विचारलंस?"

"विचारून कोण ओढतंय, गड्या?"

आम्ही दुपारचं ओढायचो. ओढल्यावर भूक मरते म्हणून सुरू केलं, असं आमचं म्हणणं होतं. प्रत्यक्षात ओढल्यावर दुप्पट भूक लागायची आणि मग आम्ही भडंगाची पिशवी मांडीत घेऊन, बेरोजगारीवर कुणीच काही करत नाही यावर तासन् तास बोलायचो. हंगामात बेदाण्याच्या शेडवर काम मिळायचं. एरवी सभा. सभेला माणसं लागतात आणि आम्ही माणसं होतो. सकाळी एका पक्षाचा गमछा, दुपारी दुसऱ्याचा. मी बसायचो, पण टाळी वाजवायचो नाही. माझी तत्त्वं तेवढीच शिल्लक होती. माणसं पुरवणारा ठेकेदार ओरडायचा, "त्या दाढीवाल्याला मागं बसवा रं, कॅमेऱ्यात येतोय!"

त्या दिवसांत आटपाडीकराचा जीव साताऱ्यात अडकला होता. औंधला चुलतभावाच्या लग्नात त्याला एक मुलगी भेटली होती. ती सातारा डेपोत कंडक्टर. यमाईच्या डोंगराखालच्या मांडवात पंगतीला गोंधळ उडाला, तेव्हा तिनं ताट हातात घेऊन एकेकाला ओळीत बसवलं. ह्याला म्हणाली, "पुढं सरका, मागं जागा करा." हा सरकला, आणि परत जागेवर आलाच नाही म्हणा. त्यानं आईला गळ घातली, आईनं मावशीला, मावशीनं साताऱ्याला शब्द टाकला. "विचार करून कळवतो," एवढंच उत्तर आलं होतं.

आमच्याकडे आता मुली मिळत नाहीत. शेती आहे म्हटलं तर पाणी विचारतात, पाणी आहे म्हटलं तर नोकरी विचारतात. विचारणाऱ्यांचं काही चुकत नाही. ज्या व्यवस्थेनं पोरांना रिकामं बसवलं, तिच्या पायरीवर आपली मुलगी कोण नेऊन ठेवेल? आटपाडीकराच्या बायोडाटात 'स्पर्धा परीक्षेची तयारी' असं लिहिलं होतं आणि उसन्या ब्लेझरमधला, गुळगुळीत दाढीचा फोटो होता. उत्तर येईल म्हणून तो फोन छातीवर ठेवून झोपायचा.

"हितनं न्हाई आलं," तो मला म्हणाला होता, "तर मी परत कुटं विचारणार न्हाई."

"चौकशी करतील की आधी."

"करू देत. गावात आईनं सगळी भावकी पढवून ठेवलीय."

सांगलीत कुणी चौकशी करेल, हे आमच्या डोक्यात आलंच नाही. इथं आम्हाला ओळखत होतंच कोण?

बुलेटवाला दुसऱ्या दिवशीही आला. इस्त्रीवाल्याशी बोलला. घरमालकीणबाईंच्या अंगणात पाणी प्यायला थांबला आणि पाणी पिऊनही बराच वेळ थांबला. आम्ही खोलीचं दार लावून घेतलं. पत्रा तापला होता.

शेठची खात्री होती की त्याच्या बापानं माणूस लावलाय. "माझं वजन कमी झालंय का, बघायला आला असंल."

माझी खात्री होती की तो माझ्यासाठी आलाय. पत्रकं वाटली होती, प्रश्न विचारले होते, कुणीतरी नोंद घेतलीच असणार. खरं सांगायचं तर ह्या विचारानं मला थोडं बरंही वाटत होतं.

आटपाडीकर म्हणाला, "तुमा दोघांसाठी कोण बुलेटवर येतंय? त्यो मालासाठी आलाय."

संध्याकाळी चहावाल्यानं निकाल लावला. "तुमच्यातल्या आटपाडीवाल्याचं विचारत व्हता. कुटं जातो, कोन येतं, दुपारी काय करतो, संगत कसली हाय."

"तू काय सांगितलंस?" मी विचारलं.

"मी काय सांगणार? म्हटलं, साखर जास्त घेत्यात."

आटपाडीकराचा चेहरा पडला. इतर कुठल्याही घरात वाढलेल्या पोरानं त्याच क्षणी विचारलं असतं, की अरे, मुलीकडचा तर नाही ना? पण सूत्रं माझ्या हातात होती आणि मी वेगळ्या घरात वाढलो होतो. आमच्याकडे पाळण्यावरची गाणी कमी आणि पत्रकं जास्त. माझे वडील पाण्याच्या आंदोलनात होते. घरात धान्याच्या कोठीवर पत्रकांचे गठ्ठे असायचे आणि मी अक्षरं त्यांच्यावरच शिकलो. वर्षाकाठी एकदोनदा साध्या कपड्यातला, नीट भांग पाडलेला माणूस यायचा आणि वडिलांच्या एखाद्या सोबत्याची गोड आवाजात विचारपूस करायचा. वडिलांचा नियम ठरलेला: सोबत्याबद्दल विचारायला आलेल्या माणसाला चांगलं सांगायचं नाही, वाईट सांगायचं नाही, तो इथं नाही एवढंच सांगायचं. लग्नाची चौकशीही तशाच कपड्यांत, तशाच आवाजात होते, हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

"आला तर तू इथं राहत नाहीस," मी आटपाडीकराला म्हणालो. "गेलास सोडून. बाकी मी बघतो."

तिसऱ्या दुपारी तो जिना चढून आला. बुटांचा आवाज ऐकून शेठनं उदबत्त्यांचा अख्खा पुडा पेटवला आणि उरलेला माल कुठं टाकावा हे न सुचून भडंगाच्या पिशवीत ओतला. दारात येऊन त्या माणसानं बूट काढले आणि जोडीनं भिंतीला लावून ठेवले. पोलीस बूट काढत नाही, एवढं तरी मला तेव्हा सुचायला हवं होतं. मी मनात म्हणालो, हा साधा नाही, मुरलेला आहे.

"बसा काका," शेठ म्हणाला. घाबरला की त्याच्यातला दुकानदार जागा व्हायचा. त्यानं सतरंजी झटकली आणि दुसरं काहीच घरात नसल्यामुळे ताटलीत भडंग ओतून पुढे ठेवलं. मी त्याच्याकडे बघितलं. त्यानंही ताटलीकडे बघितलं आणि डोळे मिटले.

"पूजा हाय काय?" धुराकडे बघत पाहुण्यानं विचारलं.

"रोजच असती," शेठ म्हणाला.

"तिघं राहता?"

"दोघं," मी म्हणालो.

"आणि हे?"

बनियनवरचा, दाढी वाढलेला, लाल डोळ्यांचा आटपाडीकर भिंतीला टेकून होता. "मी विट्याचा," तो म्हणाला. "आलोय असाच."

"आटपाडीकडचा एक मुलगा राहतो म्हणं हितं."

"राहायचा. गेला सोडून," मी म्हणालो.

"कसा होता?"

"आम्ही कुणाबद्दल काही सांगत नाही," मी ताठ बसून म्हणालो. वडिलांना अभिमान वाटला असता.

पण आटपाडीकराला दुपारची चढलेली होती. आपण आपण नाही, आपण विट्याचे आहोत, याची त्याला भलतीच मौज वाटायला लागली होती.

"मी सांगतो की काका," तो म्हणाला. "लय वाईट पोरगं. उठायचंच न्हाई. उठलं तर बसायचं, बसलं की पडायचं."

"अभ्यास करतो म्हणत होते."

"पुस्तकं हायत. त्येच्यावर चहा ठेवायचा."

"कामधंदा?"

"सभेत बसायचा. कुणाच्याबी. घरी सांगायचा क्लास हाय."

शेठ खोकू लागला. मी डोळ्यांनी खुणावत होतो. पाहुणा शांतपणे भडंग निवडत होता. त्यानं दाण्यांतून एक वाळकं पान चिमटीत उचललं, नाकाशी नेलं आणि ताटलीच्या कडेला ठेवलं.

"कढीपत्ता लय जून घातलाय," तो म्हणाला आणि ताटली हळूच बाजूला सारली. "बरं, व्यसन?"

"हाय," आटपाडीकर म्हणाला.

"कसलं?"

"नाव न्हाई घेत. पर हाय." मग त्याचा आवाज बदलला. मौज संपली होती, बोलणं मात्र थांबत नव्हतं. "पळायचा लय भारी, काका. मैदानावर त्याच्या म्होरं कोन न्हाई. मेडिकलला दातांवरनं काढला. त्या दिवसापास्नं पळलाच न्हाई. यश्टी पकडायला सुद्दा न्हाई."

पाहुणा त्याच्या तोंडाकडे बघत होता. आटपाडीकराचे वरचे दोन दात लहानपणी विहिरीच्या काठावर गेले होते आणि बोलताना ती फट स्पष्ट दिसायची. त्यानं ओठ मिटला. उशीर झाला होता, हे आम्हाला नंतर कळलं.

"चांगलं हाय," पाहुणा उठत म्हणाला. "खरं सांगणारं कुणीतरी भेटलं." त्यानं बूट घातले, नाड्या घट्ट बांधल्या आणि गेला.

बुलेटचा आवाज लांब गेल्यावर आम्ही जे हसायला लागलो, ते थांबेना. शेठ सतरंजीवर लोळत होता. "बसलं की पडायचं!" तो पुन्हा पुन्हा म्हणत होता. आम्ही व्यवस्थेला बनवलं होतं. मी तर म्हणालोसुद्धा, की ह्याच्यावर लिहायला पाहिजे.

हसणं ओसरत होतं तेव्हा आटपाडीकराचा फोन वाजला. आई होती. फोन स्पीकरवर होता, म्हणून आम्हीही ऐकलं.

"आरं, साताऱ्याची पावणी आलती का? मुलीचा मामा सांगलीला येऊन बघून जाणार, असं मावशी आत्ता सांगतीया. फौजंतनं रिटायर झालेला मानूस हाय, बुलेटवर फिरतोय. नीट बोल बाबा. चहापानी कर."

आटपाडीकर फोन तसाच धरून बसला. आई "हालू, हालू" करत राहिली.

"भडंग दिलं म्हणावं," शेठ पुटपुटला. त्याला मी लाथ मारली.

सकाळी आटपाडीकरानं दाढी केली आणि म्हणाला, "मी साताऱ्याला चाललोय." मी म्हणालो, थांब, नीट विचार कर. मुलीचा मामा गुपचूप चौकशी करतो, ओळख देत नाही, माणसाला बोलतं करतो, ही काय रीत झाली? ज्या घरात पोलिसी पद्धत आहे, त्या घरात नातं जोडायचं? आणि हुंड्याचं काय ठरलंय, मानपानाचं काय ठरलंय, हे तुला कुणी सांगितलंय का? तो म्हणाला, "कामरेड, काल तुझं लय ऐकलं. आज गप." मग आम्ही तिघेही यश्टीत बसलो. शेठनं बरोबर बेदाणा घेतला होता. भडंग न्यायची कुणाची हिंमत नव्हती.

साताऱ्यात, गोडोलीला त्यांचं घर होतं. दार मामांनीच उघडलं. आश्चर्य वगैरे काही नाही.

"या, विटेकर," ते म्हणाले.

आटपाडीकर पायाच पडला. "मामा, त्यो मीच."

"म्हाईत हाय. आत या, चपला काढा."

मला राहवलं नाही म्हणून मी विचारलं, की सरळ ओळख का दिली नाही. ते हसले. "आवं, गावात गेलो आधी. दुकानदार म्हणतो देवमाणूस. पुजारी म्हणतो देवमाणूस. एक म्हातारी दळण घेऊन चालली होती, तिला नुसतं थांबवलं तर ती न विचारता म्हणाली, पोरगं देवमाणूस हाय. सगळं गाव एकच शब्द बोलतंय म्हटल्यावर काय समजायचं? मला संशय आला, म्हणून सांगलीला आलो."

त्या एका गोष्टीत त्यांचं आणि माझं पटलं.

तेवढ्यात दारात खाकी कपडे दिसले आणि मी उभाच राहिलो. शेठनंही बेदाण्याची पिशवी पाठीमागं घेतली. ती मुलगी होती. ड्युटीवरून आली होती, खांद्याला कंडक्टरची पिशवी. तिनं आमच्याकडे एकवार बघितलं, जशी गाडीत चढल्यावर बाकं बघत असेल तशी, आणि सरळ आटपाडीकरासमोर बसली.

"मामानं सगळं सांगितलं," ती म्हणाली. "त्यातलं खरं किती?"

"सगळं."

"चहा पुस्तकावर ठेवतोस तेबी?"

"तेबी."

"आणि ओढतोस ते?"

"ओढतो." मग तो म्हणाला, "सोडीन म्हणतो."

"असं सगळेच म्हणतात. तिकीट काढतो काढतो म्हणत पुढच्या स्टॉपला उतरणारे रोज बघते मी." ती मामांकडे वळली. "चौकशी तुमी केली ती केली. आता मी करणार. कवा ते सांगणार नाही."

हो नाही, नको नाही. आम्ही चहा घेतला आणि निघालो. परतीच्या गाडीनं कराड सोडलं. मग आटपाडीकर म्हणाला, "न्हाई म्हणाली न्हाई, तवा हाय म्हणायचं का?" शेठ म्हणाला, बापाच्या दुकानात गिऱ्हाईक असं बोललं की ते परत येतं. मला मात्र तिचा संशय योग्य वाटला. आम्ही होतोच तसे.

त्यानंतरचे दिवस मजेशीर होते. आटपाडीकर बेदाण्याच्या कोल्ड स्टोरेजला पेट्या उचलायला जाऊ लागला. पहाटे पळायला लागला; कुठल्या भरतीसाठी नाही, नुसताच. पहिले काही आठवडे तो चिडचिडा झाला, आम्ही ओढायला बसलो की उठून खाली जायचा. मी त्याच्यावर नजर ठेवून होतो. गादीखाली बघितलं, खिसे बघितले, एकदा त्याच्या मागे कृष्णेच्या घाटापर्यंत गेलो. तो घाटावर बसून नुसता भेळ खात होता. तरी माझी खात्री पटेना. एवढ्या सहज कुणी बदलतं?

ती आली तेव्हा दुपार होती. तिची गाडी सांगली स्टँडला उभी होती आणि परतीला वेळ होता. शेठ झोपलेला होता, आटपाडीकर कामावर, आणि मी नुकताच ओढून गच्चीवर बसलो होतो. चहावाल्याशी ती आधीच बोलून आली होती. खोलीत आली, तिनं पुस्तकं उघडून बघितली, डबे उघडून बघितले, आटपाडीकराची उशी उचलून हुंगली. मग माझ्यासमोर उभी राहिली.

"कसा आहे तो?"

'तो इथं नाही' हे वडिलांचं वाक्य ओठांवर आलं होतं. पण ती बूट पॉलिश करून, नाव लपवून आली नव्हती. छातीवर तिच्या नावाची पट्टी होती.

"त्यानं सोडलंय," मी म्हणालो. "मी बघितलंय. मी त्याच्या मागे फिरलोय."

"आणि तुमी?"

"मी नाही सोडलं."

"मग तुमी दुसरी खोली बघा."

मला राग आला. मी उभा राहून बोललो. दारूचे कारखाने काढणारे पुढारी उजळ माथ्यानं फिरतात आणि पत्र्याखालच्या पोरांनी मात्र उशा हुंगू द्यायच्या, हा कुठला न्याय, असं म्हणालो. कोण कुठं राहील हे ठरवणाऱ्या तुम्ही कोण, असंही म्हणालो. तिनं शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"तुमचं सगळं बरोबर असंल," ती म्हणाली. "पण संसार मला करायचाय. त्याला ह्या वासात झोपवून मी कसा विश्वास ठेवू?"

ती जिना उतरून गेली.

संध्याकाळी आटपाडीकर आला, अंगाला बेदाण्याचा चिकट वास. मी सांगितलं, की ती आली होती.

त्याचा हात दाराच्या कडीवरच राहिला. "काय म्हणाली?"

"बहुतेक हो म्हणाली," मी म्हणालो. "मला खोली सोडायला सांगितलीय."

तो हळूच खाली बसला. दोन्ही हातांनी तोंड पुसलं. मला वाटलं, आता म्हणेल, तू कुठं जातोस, आपण मित्र हाय, तिला मी समजावतो. त्यानं खोलीभर नजर फिरवली, माझ्या पत्रकांच्या गठ्ठ्यांवर ती जरा थांबली.

"कवा?" त्यानं विचारलं.